सीतेची आसवं आणि सीतामाईचा डोंगर

आमच्या सातारा जिल्ह्यात सोयरीक जुळवायला बसलं, की मुलाची नोकरी, शेती, घरदार, भावंडं असं सगळं विचारून होतं. चहाचे कप रिकामे होतात. आणि मग मुलीकडची एखादी वयस्क आत्या हळूच विचारते, ‘‘गावाला पाणी हाय न्हवं?’’ बैठकीतल्या पुरुषांना हा प्रश्न सगळ्यात शेवटचा वाटतो. आत्याबाईंच्या लेखी तो पहिला असतो. कारण त्या घरात सून म्हणून गेलेल्या पोरीचा दिवस किती वाजता सुरू होणार, तिची कंबर कितव्या वर्षी धरणार आणि पुढे तिची लेक शाळेत जाणार की हंडा घेऊन रांगेत उभी राहणार, हे त्या एका उत्तरावर ठरतं.

भूगोल म्हणतात तो हाच की! शाळेत आपण तो मार्कांपुरता शिकलो. नद्या, पर्वत, पर्जन्यमान, रिकाम्या जागा भरा. पण एखाद्या वाडीवर पाऊस कुठल्या अंगानं येतो, ओढा कुठल्या महिन्यात आटतो, कुठल्या विहिरीचं पाणी मचूळ आणि कुठल्या झऱ्याला वैशाखातही ओल असते, हा खरा कामाचा भूगोल. तो बायकांना तोंडपाठ असतो. फक्त त्यांना तो कुणी विचारत नाही. बचत गटांच्या कामासाठी जिल्ह्याच्या पश्चिम टोकापासून पूर्व टोकापर्यंत माझं जाणं-येणं असतं. त्या फिरतीत हे पुन्हा पुन्हा जाणवलं, म्हणून आज थोडं आमच्या जिल्ह्याविषयी. मैत्रिणींनो, तुमचा जिल्हा दुसरा असला तरी वाचा. गोष्ट तुमच्याही गावची निघेल.

एक जिल्हा, दोन टोकं

सातारा जिल्ह्यात अकरा तालुके आहेत. सह्याद्रीच्या अंगाखांद्यावर महाबळेश्वर, जावळी आणि पाटण. मध्यभागी वाई, सातारा, कराड, कोरेगाव. उत्तरेला खंडाळा आणि फलटण. आणि पूर्वेला खटाव व माण. महाबळेश्वरला वर्षाला सरासरी साडेपाच हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो. तिथून वीस किलोमीटरच्या आत असलेल्या पाचगणीला तो निम्म्याहून कमी होतो. सातारा शहरात हजाराच्या आसपास. आणि माण तालुक्यातल्या म्हसवडला पाचशेच्या आतबाहेर. महाबळेश्वर ते म्हसवड हे अंतर रस्त्यानं साधारण दीडशे किलोमीटर. सकाळची न्याहारी करून निघालेलं माणूस दुपारच्या जेवणाला पोचतं. तेवढ्यात पाऊस दहा हिश्शांनी घटलेला असतो!

जुलै २०२१ मध्ये तर महाबळेश्वरला अवघ्या चोवीस तासांत ५९४ मिलिमीटर पाऊस झाला. म्हणजे म्हसवडकरांच्या वाट्याला सबंध वर्षात जेवढा येतो, त्याहून जास्त एका दिवस-रात्रीत कोसळला.

असं का होतं, हे समजायला स्वयंपाकघर पुरेसं आहे. भाताच्या पातेल्यावर झाकण ठेवलं, की वाफ वर जाते, गार झाकणाला लागते आणि तिचं पाणी होऊन थेंब ओघळतात. अरबी समुद्रावरून येणारे ओले वारे सह्याद्रीच्या भिंतीला असेच अडतात, वर चढतात, गार होतात आणि तिथेच रिते होतात. भिंत ओलांडून पलीकडे उतरेपर्यंत त्यांच्याकडे देण्यासारखं फार उरत नाही. उतरताना ते पुन्हा तापतात आणि उरलेले ढगही विरळ होतात. या पलीकडच्या भागाला भूगोलात ‘पर्जन्यछायेचा प्रदेश’ म्हणतात. नावात छाया आहे खरी, पण तिथं एप्रिलमध्ये सावलीसाठी झाड शोधावं लागतं.

म्हणूनच ‘जिल्ह्याची सरासरी’ हा शब्द ऐकला की मला हसू येतं. एका जावेनं चार भाकरी खाल्ल्या, दुसरी उपाशी राहिली, तर सरासरी दोन भाकरी झाल्या. कागदावर दोघीही जेवल्या की!

हा फरक मिलिमीटरमध्ये मोजायची गरजच नाही. तो परातीत दिसतो. पश्चिमेकडे ताटात भात आणि नाचणीची भाकरी. खाली वाई-साताऱ्याकडे उतरलं की ज्वारी आणि गहू, शिवारात ऊस, हळद, आलं. कोरेगावकडचा वाघ्या घेवडा तर प्रसिद्धच आहे. आणि पुढे माणमध्ये बाजरी, मटकी, हुलगा. हुलग्याचं माडगं ज्यांनी खाल्लंय त्यांना ठाऊक आहे, की कमी पाण्यात येणाऱ्या धान्यातून पोटभरीचं कसं करावं हे तिथल्या बायकांकडून शिकावं. घरंही तशीच बदलतात. महाबळेश्वरकडची छपरं उतरती, पावसाळ्यात भिंतींना गवताचे झाप लावलेली. माणकडची जुनी घरं सपाट मातीच्या माळवदाची, उन्हाळ्यात आत गारवा देणारी. पाऊसच फारसा नाही तर छपराला उतार कशाला?

पाऊस येतो, पण राहत नाही

आता तुम्ही म्हणाल, पश्चिमेकडच्या बायका सुखी. पाणीच पाणी! मलाही कुणी असं म्हटलं, की मी त्यांना एप्रिलमध्ये जावळीतल्या एखाद्या डोंगरवाडीवर चला म्हणते.

साताऱ्याहून पंचवीसेक किलोमीटरवर कासचं पठार आहे. २०१२ साली पश्चिम घाटातल्या ज्या जागांना युनेस्कोनं जागतिक वारशाचा मान दिला, त्यांत कास आहे. ऑगस्ट ते ऑक्टोबर तिथं फुलांचे गालिचे पसरतात. तेरडा, सोनकी, गेंद आणि जांभळ्या-निळ्या रंगाची इवलीशी ‘सीतेची आसवं’. नाव किती हळवं, नाही? पण हे फूल मोठं हिकमती आहे. कासचा सडा म्हणजे जांभ्या दगडाचं पठार. वर मातीचा जेमतेम पातळ थर. त्या मातीत झाडाला लागणारं अन्न पुरेसं नसतं, म्हणून ही वनस्पती पाण्यातले बारीक किडे पकडून आपली गरज भागवते. पाऊस भरपूर, पण जमिनीत कस नाही आणि पाणी धरून ठेवायला जागा नाही, अशा ठिकाणी जगायचं म्हणजे अशी काहीतरी युक्ती हवीच.

तिथल्या बायकांचंही तेच आहे. जावळीतल्या एका वाडीत बचत गटाच्या बैठकीला गेले होते. महिना एप्रिलचा. उतारावर दहा-बारा घरं, समोर निळा जलाशय दिसतोय आणि घरात प्यायचं पाणी डोंगरातल्या एका झऱ्याचं, तेही वाटी-वाटीनं भरलेलं. मी म्हटलं, ‘‘वहिनी, एवढा पाऊस पडतो तुमच्याकडे आणि ही वेळ?’’ त्या म्हणाल्या, ‘‘आवं ताई, आमच्याकडं पाऊस ऱ्हायाला येत न्हाय, नुसता जातो.’’

भूगोलाच्या प्राध्यापकांनी तासभर सांगितलं असतं ते त्या बाईंनी एका वाक्यात सांगितलं. तीव्र उतार आणि खाली घट्ट काळा कातळ. पाणी मुरायच्या आत घरंगळतं, ओढ्यातून नदीत आणि नदीतून दूर. कृष्णामाईचंच पाहा ना. महाबळेश्वरला ती उगम पावते तिथून अरबी समुद्र सरळ रेषेत जेमतेम ६५ किलोमीटरवर. पण ती तिकडे पाठ फिरवते आणि चौदाशे किलोमीटर चालून बंगालच्या उपसागराला मिळते. तिचीच शेजारीण सावित्री मात्र कडा उतरून कोकणात जाते. कोयनेची गोष्ट आणखी वेगळी. ती दक्षिणेकडे वाहत जाते, हेळवाकजवळ पूर्वेला वळते आणि कराडला प्रीतिसंगमावर कृष्णेच्या समोरासमोर येऊन तिला भेटते. पण धरण झाल्यावर तिच्या पाण्याचा मोठा हिस्सा बोगद्यांतून पश्चिमेला पोफळीकडे वळवला गेला. तिथं वीज तयार होते आणि ते पाणी वाशिष्ठीतून समुद्राला जातं.

१०५ टीएमसी क्षमतेच्या या कोयना धरणानं महाराष्ट्राला उजेड दिला. त्यासाठी ज्यांची गावं पाण्याखाली गेली, त्यांतले काही सोलापूर, सांगली, ठाणे, रायगडकडे गेले. काही वरच्या अंगाला सरकून तिथंच राहिले. जलाशयाच्या काठच्या कितीतरी वाड्यांना आजही लाँचचाच आधार आहे. २०२२ मध्ये जावळी तालुक्यातल्या खिरखंडी गावच्या मुली स्वतः नाव वल्हवत जलाशय ओलांडून शाळेला जातात, अशी बातमी आली आणि मुंबई उच्च न्यायालयानं तिची आपणहून दखल घेतली. धरणाचं पाणी त्यांच्या दारात आहे, पण शाळेच्या वाटेवर!

त्या बैठकीत झऱ्याचीही गोष्ट निघाली. पूर्वी दर माघात वाडीतल्या बायका मिळून झरा साफ करायच्या. गाळ काढायचा, दगड रचायचे, वरच्या अंगाची झाडं तोडू द्यायची नाहीत. मग नळयोजना आली. सगळ्यांना हायसं वाटलं आणि झऱ्याकडे कुणी फिरकेना. एका पावसाळ्यात दरड आली नि पाइप वाहून गेला. दुरुस्ती होईपर्यंत दोन उन्हाळे गेले. तोवर झरा कुठे होता हे नेमकं माहीत असलेल्या दोनच आज्या उरल्या होत्या. त्यांनी काठी टेकत टेकत येऊन जागा दाखवली. ‘‘त्या नसत्या तर?’’ मी विचारलं. कुणीच काही बोललं नाही.

दरडीची गोष्ट हसण्यावारी नेण्यासारखी राहिलेली नाही. २०२१ च्या त्याच जुलैमध्ये पाटण तालुक्यात आंबेघर, मिरगाव या गावांवर दरडी कोसळून माणसं गाडली गेली. उताराचा भूगोल कळणं हा तिथं जिवाचा प्रश्न आहे.

वर्धनगड ओलांडला की

आता पूर्वेला निघू. साताऱ्याहून पंढरपूरच्या रस्त्याला लागलं, की कोरेगाव मागे पडतं आणि वर्धनगडाचा घाट येतो. घाट तसा लहानच. एसटीतल्या झोपलेल्या माणसाला कळतही नाही. पण इथं पाणी वेगळं होतं. घाटाच्या अलीकडचे ओढे वसना नदीला मिळून थेट कृष्णेकडे जातात, पलीकडचे येरळेला. पुसेगाव, मग दहिवडी, गोंदवले आणि म्हसवड. हिरवा रंग कमी कमी होत जातो आणि आभाळ मोठं मोठं होत जातं. हाच तो माणदेश. व्यंकटेश माडगूळकरांच्या ‘बनगरवाडी’मुळे (१९५५) तो मराठी वाचकाच्या ओळखीचा आहे. मेंढरं, धनगरवाडे, उघडे माळ आणि पावसाकडे लागलेले डोळे.

इथला पाऊसही वेगळ्या वेळी येतो. आषाढात महाबळेश्वर धुक्यात बुडालेलं असतं, तेव्हा इथं नुसतं वारं सुटलेलं असतं. ढग येतात, डोक्यावरून जातात. खरी आशा परतीच्या पावसावर, उत्तरा आणि हस्त नक्षत्रांवर. तो पडला तर रब्बीची ज्वारी, नाही पडला तर ऊसतोडीला किंवा मुंबईला. गंमत पाहा, मुंबईत माथाडी कामगार म्हणून, गिरण्यांतून ज्या सातारकरांनी घाम गाळला, त्यांत पाऊस फार असलेल्या जावळी-पाटणचे लोक होते आणि पाऊस नसलेल्या माण-खटावचेही. दोन्ही टोकांच्या बायका मनिऑर्डरची वाट बघत घर सांभाळत राहिल्या.

माणच्या उत्तरेला महादेवाची डोंगररांग आहे. त्यात शिखर शिंगणापूर. चैत्रात तिथं शंभू महादेवाची यात्रा भरते आणि सासवडहून तेल्या भुत्याची कावड येते. कऱ्हेचं पाणी खांद्यावरच्या कावडीतून आणून, अवघड मुंगी घाट चढून ते देवाला घालतात. तो सोहळा पाहताना अंगावर काटा येतो. पाणी वाहून आणणं ही पूजाच आहे, असं त्या कावडीकडे बघून वाटतं. मग डोक्यावर चुंबळ, तिच्यावर हंडा आणि कमरेवर कळशी घेऊन रोज माळ तुडवणाऱ्या बाईला आपण कधी हात जोडले आहेत का?

याच डोंगररांगेत, माण आणि फलटण तालुक्यांच्या हद्दीवर, कुळकजाईजवळ सीतामाईचा डोंगर आहे. मकरसंक्रांतीला तिथं आसपासच्या गावांतल्या बायकांची गर्दी लोटते. नव्या साड्या, सुगडं, त्यात ऊस, बोरं, गाजर, हरभरा, गव्हाच्या ओंब्या. सीतामाईला ववसायचं आणि एकमेकींना ववसायचं. आता भूगोल बघा. याच डोंगरात माणगंगा आणि बाणगंगा या दोन नद्या उगम पावतात. बाणगंगा उत्तरेला फलटणकडे उतरून नीरेला मिळते. माणगंगा दहिवडी, म्हसवड करत पूर्वेला जाते आणि सोलापूर जिल्ह्यात भीमेला भेटते. नीराही पुढे भीमेलाच मिळते. आणि भीमा शेवटी रायचूरच्या बाजूला कृष्णेत जाते. म्हणजे महाबळेश्वरचं पाणी आणि माणचं पाणी एका जिल्ह्यात जन्मून कर्नाटकाच्या टोकाला गळाभेट घेतं!

पश्चिमेला सीतेची आसवं, पूर्वेला सीतामाईचा डोंगर. एकीकडे तिच्या नावाचं फूल पाण्यात उभं, दुसरीकडे तिच्या डोंगरातून निघालेली नदी वर्षाचे कित्येक महिने नुसती वाळू. वनवास दोन्हीकडे आहे, तऱ्हा वेगळी.

रांगोळीतला नकाशा

माणमधल्या एका वाडीची गोष्ट सांगते. गावाचं नाव राहू दे. बंधारा कुठे घालायचा हे ठरवायला बैठक होती. सरपंचबाई खुर्चीवर आणि बोलणारे त्यांचे यजमान. २०११ पासून महाराष्ट्रात पंचायतींमध्ये बायकांना निम्म्या जागा आहेत, पण खुर्ची मिळाली तरी तोंड उघडायला वेळ लागतो. पुरुष मंडळींनी देवळामागची जागा सुचवली. रस्त्यालगत, सगळ्यांना दिसेल अशी. बायका ओसरीच्या कडेला पदर सावरून बसलेल्या.

आम्ही एक केलं. बैठकीच्या आधी बायकांना अंगणात बोलावलं आणि म्हटलं, आपल्या गावाचा नकाशा काढा. ‘‘आमाला कुठं येतंय?’’ म्हणून हसल्या. मग एकीनं घरातून रांगोळी आणली. रांगोळीनं रस्ते काढले, चुलीतल्या राखेनं ओढे, खडे ठेवले ती घरं. पाण्याच्या जागी हिरवं पान ठेवायचं ठरलं. अर्ध्या तासात अख्खं शिवार अंगणात उतरलं. विहिरी अकरा निघाल्या. मग मी म्हटलं, आता चैत्र आला असं समजा, ज्यांत पाणी नसतं त्यांची पानं उचला. पटापट पानं उचलली गेली. उरली तीन. वैशाख म्हटल्यावर एक.

ते एक पान देवळापासून लांब, वरच्या ओढ्याच्या वळणावर होतं. सत्तरी ओलांडलेली एक आजी म्हणाली, ‘‘बहात्तरच्या दुष्काळात समदी वाडी त्या उंबराखालच्या झिऱ्यावर जगली. आमी खडी फोडाया जायाचो, सुकडी खायाचो आन् येताना रातीचं तिथनं पाणी भरायचो. वाळू हातभर उकरली की पाणी.’’ झिरा म्हणजे वाळूत उकरलेला खड्डा. उंबराचं झाड पाण्याची खूण सांगतं, हे आपल्याकडे फार जुनं शहाणपण आहे. सहाव्या शतकात वराहमिहिरानं ‘बृहत्संहिते’त झाडं आणि वारुळं यांवरून जमिनीतलं पाणी ओळखण्यावर एक अख्खं प्रकरणच लिहिलंय. आजीनं वराहमिहिर वाचला नव्हता. तिनं पाणी भरलं होतं.

बैठकीत हा रांगोळीचा नकाशा सगळ्यांना दाखवला. वाद झाला. ‘बायकांना काय कळतंय’पासून ‘आता देवळामागं म्हणून सांगून बसलोय’पर्यंत सगळं बोलून झालं. शेवटी पाणलोटाचं काम करणाऱ्या एका तरुण अभियंत्यानं दोन्ही जागा पाहिल्या. देवळामागे खाली सलग काळा पाषाण होता, पाणी साठलं असतं पण मुरलं नसतं. वळणावर मुरूम होता. बंधारा वळणाच्या खाली झाला. पुढच्या वैशाखात त्याखालच्या विहिरीत दोन परस पाणी होतं. टँकर बंद झाला असं मी म्हणणार नाही, कारण तो झाला नाही. पण आठवड्यातून रोजऐवजी दोनदा यायला लागला आणि तीन मुली शाळेत परत गेल्या.

हे दुसरीकडेही घडलंय, कितीतरी मोठ्या प्रमाणात. २०१६ साली पानी फाउंडेशनची पहिली वॉटर कप स्पर्धा आमच्या कोरेगाव तालुक्यातल्या वेळू गावानं जिंकली. २०१८ मध्ये पहिला आला माण तालुक्यातली टाकेवाडी. डोंगराच्या माथ्यापासून पायथ्यापर्यंत समतल चर, बांध, नाल्यांवर अडवणूक. पळणाऱ्या पाण्याला चालायला लावायचं, चालणाऱ्याला थांबवायचं आणि थांबलेल्याला मुरवायचं, एवढंच तत्त्व. या श्रमदानाचे फोटो आठवून पाहा. टिकाव-खोरं घेतलेल्या आणि पाट्या उचलणाऱ्यांत बायका किती होत्या! श्रमात निम्म्या असतात, मग जागा ठरवताना का नकोत?

आणि म्हसवडच्या बायकांना काय कळतं, हे ज्यांना बघायचं असेल त्यांनी माणदेशी महिला सहकारी बँकेचा इतिहास बघावा. चेतना सिन्हा यांच्या पुढाकारानं बायकांनी बँक काढायचं ठरवलं, तेव्हा परवान्याचा पहिला अर्ज नाकारला गेला, कारण प्रवर्तक बायकांमध्ये अंगठा उठवणाऱ्या होत्या. त्या लिहायला-वाचायला शिकल्या, पुन्हा गेल्या आणि १९९७ मध्ये बँक उभी राहिली. २०१२-१३ च्या दुष्काळात याच भागात चारा छावण्या उघडल्या. जनावरांबरोबर बायका-माणसं महिनोन्महिने छावणीत राहिली. घर बंद ठेवून, दुभतं जगवायला.

याच माण तालुक्यातल्या मोही गावच्या ललिता बाबरनं २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये तीन हजार मीटर स्टीपलचेसची अंतिम फेरी गाठली आणि दहावी आली. स्टीपलचेसमध्ये धावताना पाण्याचा खड्डा ओलांडावा लागतो. माणच्या मुलीनं जगासमोर पाणी ओलांडून दाखवावं, याचा आम्हा सातारकरणींना केवढा अभिमान वाटला, काय सांगू!

घरचं गणित

आता थोडा हिशेब करू. एक चौरस मीटर जागेवर एक मिलिमीटर पाऊस पडला, की एक लिटर पाणी होतं. पाचशे चौरस फुटांचं पत्र्याचं घर म्हणजे साधारण ४६ चौरस मीटर छप्पर. म्हसवडसारख्या ठिकाणी वर्षाला ४५० मिलिमीटर पाऊस धरला, तरी त्या एका छपरावर वीस हजार लिटरच्या वर पाणी पडतं. सांडलं-लवंडलं, पहिल्या पावसाचं सोडून दिलं, म्हणून पंधरा हजारच धरू. पंधरा लिटरचा हंडा घेतला तर हे झाले एक हजार हंडे. एक हजार खेपा! पत्र्याला पन्हळ आणि खाली टाकी एवढाच काय तो खर्च. महाबळेश्वर-जावळीकडे तर हेच पाणी दसपट. तिथं उन्हाळ्यात हंडा घेऊन डोंगर चढायची वेळ येते, ती टाकी नसल्यामुळे आणि झरा विसरल्यामुळे, पाऊस कमी म्हणून नव्हे.

मोठ्या योजना व्हाव्यातच. कृष्णेचं पाणी उचलून खटाव-माणकडे नेणारी जिहे-कठापूर योजना, उरमोडीचं पाणी, यांची माणदेशानं किती वर्षं वाट पाहिली हे मी जाणते. हर घर नळ यावा, ही तर प्रत्येकीच्या मनातली गोष्ट. पण नळ आला म्हणून झरा विसरायचा नसतो, जसं गॅस आला म्हणून आपण चूल पेटवायची विसरलो नाही. नळाच्या मागे विहीर असते, विहिरीच्या मागे ओढा आणि ओढ्याच्या मागे डोंगर. ही साखळी ज्यांना ठाऊक आहे त्या आज्या एकेक करून चालल्या आहेत. त्यांच्याबरोबर गावाच्या पाण्याचं दप्तरच जातंय. ते दप्तर कुठल्याच कचेरीत नाही.

म्हणून मैत्रिणींनो, एक सुचवते. येत्या संक्रांतीला हळदीकुंकू करालच. वाण म्हणून प्लॅस्टिकचा डबा, चमचा, स्टीलची वाटी देतोच आपण दरवर्षी. या वेळी त्याच्या जोडीला एक वही ठेवा. आलेल्या प्रत्येकीला विचारा, तिच्या माहेरच्या किंवा सासरच्या शिवारातली पाण्याची एक जागा सांग. झरा, आड, बारव, ओढ्यातला डोह, काही असेल. नाव काय, कुठल्या झाडाजवळ, कुठल्या महिन्यापर्यंत पाणी, आता काय स्थिती. ज्यांना लिहिता येत नाही त्यांचं शेजारणीनं लिहावं. वयस्क बायकांना आधी विचारा. वही भरली की तिची एक प्रत ग्रामपंचायतीत द्या आणि पोच घ्या. ग्रामसभेत पाण्याचा विषय निघेल त्या दिवशी ती वही घेऊन जा. एकटी जाऊ नका, पाच-सहाजणी जा.

शहरात राहणाऱ्या मैत्रिणी म्हणतील, आमचा काय संबंध? आहे ना. तुमची आई, सासू, मावशी गावची आहेच की. पुढच्या फोनवर ‘जेवलीस का, गोळ्या घेतल्यास का’ विचारून झालं, की एवढं विचारा, ‘‘आई, तू लहानपणी पाणी कुठनं भरायचीस गं?’’ बघा, ती किती वेळ बोलते ते. आणि ती बोलत असताना शेजारी कागद-पेन असू द्या.